गोलकीपर खेळतोय तोवर

आमच्या घराच्या पुढच्या दाराला दीड वर्ष आतून कडी लागली नाही. रायपूरच्या पुरानी बस्तीतल्या आमच्या गल्लीत लोक चपला बाहेर काढतानाही एक इथे आणि एक तिथे काढतात, म्हणजे चोराला जोडी मिळू नये. तिथे आमचं दार नुसतं लोटलेलं असायचं. याला कारण एक गोलकीपर. तो युरोपातल्या एका देशाचा, आणि तो देश एवढा लहान की आमच्या जिल्ह्यात मावला असता आणि वर धानाला जागा उरली असती.

आमच्या खानदानात गोष्टी सांगायचं काम माझ्याकडे आहे. लग्नात, बारशात, अगदी तेरवीतसुद्धा मला खुर्ची देतात आणि "हं, सांग" म्हणतात. गोष्ट संपली की माझी बायको "यातलं अर्धं खरं आहे" असं जाहीर करते. या गोष्टीबद्दल मात्र तिनं आजवर तसं म्हटलेलं नाही. मला त्याचीच जास्त भीती वाटते.

बाबा रेल्वेच्या कारखान्यात फिटर होते. तीन पाळ्यांची नोकरी. दाराला घंटी नंतर आली, पण बाबांनी ती कधी वाजवली नाही. घरी आले की बोटांच्या सांध्यांनी चौकटीवर ठोकायचे. दोनदा, मग श्वासभर थांबून एकदा. जाताना वेगळं. बाहेर पडून दार ओढून घ्यायचे आणि एकच ठोका द्यायचे. त्याचा अर्थ, मी निघालो, आतून कडी लाव. तो ठोका येईपर्यंत आई दारामागे उभी राहायची, मग कडी लावायची आणि आपल्या कामाला लागायची. असं पस्तीसेक वर्षं चाललं. त्या दोघांमधलं सगळ्यात नियमित बोलणं हेच असावं.

तरुणपणी बाबा रेल्वेच्या टीमचे गोलकीपर होते. त्यात एक गुडघा कायमचा गेला. नोकरी संपल्यावर कोणी "आता आराम करा" म्हटलं की भडकायचे. "रेल्वेनं मले रिटायर केलं. मी झालो नाही."

तो गोलकीपर त्यांना एका मे महिन्यात सापडला. रायपूरची मेमधली दुपार ज्यांनी पाहिली नाही त्यांना एवढंच सांगतो, भुतं दुपारी हिंडत असतील तर ती इथेच, कारण रस्त्यावर दुसरं कोणी नसतं. कूलर घरघरत होता. टीव्हीवर कुठल्यातरी जुन्या मॅचचं पुनःप्रक्षेपण लागलं होतं. एका बड्या देशानं या चिमुकल्या देशाला सात गोल मारले होते. मी चॅनल बदलायला गेलो तर बाबांनी माझा हात धरला.

"थांब. हा पोट्टा पाह्य."

"बाबा, हारून राहिले ते."

"टीम हारून राहिली. तो नाही. सात खाल्ले, पण आठव्यासाठी कसा तयार होऊन राहिला पाह्य."

पोट्टा म्हणजे तेव्हाच पस्तिशी ओलांडलेला, पुढून टक्कल पडलेला, लांब हातांचा माणूस. पण त्या दुपारपासून तो आमच्या घरचा झाला. बाबांना त्याच्या देशाचं नाव कधी नीट म्हणता आलं नाही, म्हणून ते 'आपला देश' म्हणायचे. "आज आपली मॅच आहे" असं त्यांनी ओट्यावरून सांगितलं की शेजारी क्रिकेट समजून टीव्ही लावायचे आणि अर्ध्या तासानं यायचे, "भैया, किस चैनल पे आ रहा है?"

माझ्या मुलीनं मोबाइलवरून त्याची कारकीर्द खणून काढली. तिला मराठी समजतं, उत्तर ती हिंदीत देते. "दादाजी, ये तो इलेक्ट्रीशियन है! नगरपालिका में. खेलना तो छुट्टी के दिन."

बाबांना तो आणखीच आवडला. विसाव्या वर्षी देशासाठी पहिली मॅच, पाच गोल खाल्ले. मध्ये शेजारच्या मोठ्या देशातल्या एका क्लबानं त्याला नेलं आणि दोन वर्षं बाकावर बसवून ठेवलं, एकदाही मैदानात उतरवलं नाही. मग तो परत आला आणि पुन्हा दिव्याच्या खांबांवर चढायला लागला. "डेप्युटेशनवर गेला होता," बाबा म्हणाले. पुढे कप्तान झाला. एकदा त्यांनी मॅच शून्य-शून्य अशी बरोबरीत सोडवली तेव्हा बाबांनी गल्लीत पेढे वाटले. लोक विचारायचे, "क्या खुशी है, काका?" बाबा सांगायचे, "ड्रॉ."

स्वयंपाकघराच्या भिंतीवरल्या कॅलेंडरावर ते रेघा मारून ठेवायचे. मी विचारलं, हे खाल्लेले गोल काय? तर म्हणाले, "ते तं सारी दुनिया मोजते. हे अडवलेले हायेत."

इथवर गोष्ट हसण्यासारखी आहे. मीही हसतच होतो.

मग एका मॅचमध्ये त्याचं डोकं खांबावर आपटलं. डाव्या भुवईवर तीन टाके. आठ दिवसांनी बाबा न्हाणीघरात घसरले आणि नळावर आपटले. डावी भुवई, तीन टाके. पावसाळा संपताना त्याच्या उजव्या करंगळीशेजारचं बोट निखळल्याची बातमी मुलीनं वाचून दाखवली. त्याच आठवड्यात बाबांचं तेच बोट कपाटाच्या दारात आलं. मी म्हटलं, "बाबा, तुमचा कोणी जुळा भाऊ हरवला होता का, तपासायला पाहिजे." बायको हसली नाही. बाबा बोटावरची पट्टी न्याहाळत म्हणाले, "आमची ड्यूटी एकच हाये. हा ज्या दिवशी हातमोजे काढन, त्या दिवशी मी मोकळा."

तेव्हा तो अडतीस वर्षांचा होता. त्या दिवसापासून मी माझ्या कोलेस्टेरॉलपेक्षा त्याच्या गुडघ्यांची जास्त काळजी करायला लागलो. ऑफिसात जेवणाच्या सुट्टीत सहकारी शेअरचे भाव बघायचे आणि मी एका परक्या इलेक्ट्रिशियनची तब्येत.

पण घाई केली ती बाबांनीच. एप्रिलातल्या एका सकाळी चहाचा कप हातात घेऊन बसले आणि तसेच राहिले. चहा सांडलासुद्धा नाही. तिकडे तो ठणठणीत होता, सराव करत होता. माझ्या मनात आलेला पहिला विचार सांगायला लाज वाटते, पण सांगतो. हे नियमात बसत नाही, असं मला वाटलं.

दहाव्या दिवशी आम्ही महादेव घाटावर होतो. गुरुजींनी पिंड मांडले, आम्ही मागे सरलो आणि कावळ्याची वाट पाहायला लागलो. कावळा होता. एकच. पिंडापासून दहा हातांवर, एका उलट्या नावेच्या काठावर बसला होता आणि पिंडाकडे न बघता आमच्याकडे बघत होता.

आता कावळा शिवत नाही म्हणजे गेलेल्याचं काहीतरी मागे राहिलंय, आणि ते काय हे ओळखून शब्द द्यायचा, हे सगळ्यांनाच माहीत. मी पुढे होऊन हात जोडले. "बाबा, आईले सांभाळीन." कावळ्यानं मान वळवली. "पोरीचं शिक्षण पूर्ण करीन." काही नाही. बायको म्हणाली, "बाबा, तुमची खोली तशीच ठेवू." काही नाही. माझे काका, म्हणजे बाबांचे धाकटे भाऊ, घसा खाकरून पुढे आले. "दादा, तुह्यी सायकल परत आणून देतो." ती सायकल त्यांनी माझ्या जन्माआधी नेली होती. कावळा नावेवरून खाली उतरला, एक पाऊल टाकलं आणि थांबला.

"आणखी काय नेलं होतं, काका?" मी हळूच विचारलं.

"गप बस बे."

ऊन डोक्यावर आलं. खारून नदीचं पाणी इतकं कमी होतं की हलतही नव्हतं. पिंडाला वरून तडे जायला लागले. दीड तास झाला. गुरुजींनी दर्भ हातात घेतले. "यजमान, दर्भाचा कावळा करून शिववतो. शास्त्रात चालतं." तेवढ्यात बायकोनं माझ्या पाठीत बोट खुपसलं. "अहो, तो गोरा राहिला."

चारचौघांत, सोवळं नेसून, सुटलेल्या पोटावर जानवं घेऊन मी नदीकाठी उभा राहिलो आणि मोठ्यानं म्हणालो, "बाबा, तुमचा गोलकीपर खेळेल तोवर त्याची एकेक मॅच मी पाहीन. तुमच्या वाटची."

कावळा चालत आला. उडत नाही, चालत. कसलीही घाई नसलेल्या, एका गुडघ्यात दुखत असलेल्या माणसासारखा. त्यानं चोच लावली.

गुरुजींनी दर्भ खाली ठेवले आणि सगळ्यांच्या वतीनं बोलले, "फुटबॉल?"

काकांनी दुसऱ्या दिवशी सकाळीच सायकल आणून दिली. चाकात हवा भरून.

जूनमध्ये पहिली मॅच आली. सरावाची, बिनमहत्त्वाची, त्यामुळे कुठल्याच चॅनलवर नव्हती. मुलीनं शोधाशोध करून त्यांच्याकडचंच थेट प्रक्षेपण इंटरनेटवरून टीव्हीला जोडून दिलं. तिकडे भर दुपार, आपल्याकडे दिवेलागण. समालोचन नव्हतं. संगीत नव्हतं. मैदानाच्या कडेला ठेवलेला एक मायक्रोफोन तेवढा. त्यातून वारा ऐकू यायचा, चेंडूचा धप्प आवाज, एखाद्या खेळाडूचं ओरडणं, दूर कुठेतरी गाईच्या गळ्यातली घंटा. आई स्वयंपाकघरात चहा टाकत होती. तिनं ती मॅच पाहिली नाही, तिला त्यात रस नव्हता.

सुरुवातीआधी तो गोलपाशी गेला. उजवा हातमोजा काढला आणि बोटांच्या सांध्यांनी खांबावर ठोकलं. दोनदा. थांबला. मग एकदा.

"दार उघड रे," आतून आई म्हणाली. "ते आले."

मी आणि मुलगी एकमेकांकडे पाहत राहिलो. मी उठलो नाही. आई पदराला हात पुसत बाहेर आली, आमच्याकडे न बघता दारापाशी गेली, कडी काढली, दार उघडलं. गल्लीत कोणी नव्हतं. दिवसभर तापलेल्या भिंतींचा उष्मा तेवढा आत आला. आई एका अंगाला सरकली. आत येणाऱ्याला वाट द्यायला आपण सरकतो, तशी. मग दार लोटलं, आत गेली, आणि चहाचे कप घेऊन आली. आम्ही चार माणसं. कप पाच.

नंतर मुलीनं आणि मी त्याच्या सापडतील तेवढ्या जुन्या मॅच पाहिल्या. सुरुवातीआधी तो टाचेनं खांबाला लाथ मारायचा. दरवेळी. हातमोजा काढून ठोकणं कुठेच नव्हतं.

"पापा, ये पहले ऐसा नहीं करता था."

"मग कधीपासून?"

"इसी मैच से." आणि तिनं लॅपटॉप बंद केला.

मी स्वतःला समजावलं. चाळिशीला टेकलेला माणूस आहे, टाच दुखत असेल. खेळाडू असले टोटके बदलत असतात. दोन ठोके आणि एक, यात जगावेगळं काय आहे? हे सगळं बरोबर होतं. फक्त पुढच्या मॅचलाही त्यानं तेच केलं, आणि त्याच्या पुढच्याही, आणि दरवेळी आई दार उघडायला गेली. एकदा तर मी आवाज पूर्ण बंद करून ठेवला होता. तरी गेली.

कडी लावणं तिनं बंद केलं ते तेव्हापासून. "ते आत असतात की बाहेर, मले समजत नाही. मी कडी लावली अन् ते बाहेर राहिले तं?" बायकोनं दागिने बँकेच्या लॉकरमध्ये नेऊन ठेवले. एकदा दुपारी बकरी घरात आली आणि बाबांच्या पलंगावर बसली, तर आईनं तिलाही आधी नीट निरखून पाहिलं आणि मगच हाकललं.

पण हसणं ओसरत गेलं. आई पुढच्या खोलीत पलंग टाकून राहायला लागली, तोंड दाराकडे. अमरावतीला मावशीच्या नातवाचं लग्न होतं, गेली नाही. "मी गेली तं दार कोण उघडन?" देवळात जाणं सुटलं. घास हातात धरून कानोसा घ्यायची आणि घास तसाच ताटात परत. वर्षभरात तिच्या बांगड्या कोपरापर्यंत सरकायला लागल्या. डॉक्टर म्हणाले, रक्त ठीक, साखर ठीक, कशाची वाट पाहताहेत का? मी म्हटलं, हो. ते म्हणाले, कोणाची? मी म्हटलं, लांबची मॅच आहे.

घाटावर शब्द मी दिला होता. भोगत ती होती. बाबा मोकळे नव्हते आणि त्यामुळे तीही.

गेल्या नोव्हेंबरात मी नवा रायपूरला ऑफिसच्या बसमध्ये होतो. तिथले रस्ते तुम्हाला माहीत असतील. सहा-सहा पदरी, दुतर्फा दिवे, आणि मैलभर माणूस दिसत नाही. सगळं कोणासाठी तरी बांधून ठेवलंय आणि तो अजून आलेला नाही. मोबाइलवर मुलीचा निरोप आला. "पापा, वो रिटायर हो रहा है. संडे को लास्ट मैच."

आता माझ्यातल्या कारकुनाची कमाल ऐका. फाइल अडवून ठेवण्यात माझा हात धरणारा अख्ख्या संचालनालयात नाही. मी विचार केला, शब्द काय होता? एकेक मॅच पाहीन. मग मी शेवटची पाहिलीच नाही तर? शब्द पुरा होत नाही. फाइल बंद होत नाही. बाबा राहतात. दोन ठोके आणि एक, असे अधूनमधून ऐकू येत नसले तरी चालेल, पण राहतात. वडील पुन्हा गमवायला मी तयार नव्हतो. एकदा चहा न सांडता झालं होतं, तेवढं पुरे होतं.

रविवारी मी आईला सांगितलं, "आजची मॅच कुठंच दाखवून नाही राहिले."

आई लसूण सोलत होती. "तुले खोटं बोलायले बाबांनी कधी शिकवलं नाही," ती म्हणाली. "तरी येते तुले, पण चांगलं नाही येत." मग हात धुतले. "पोट्टीनं सांगितलं मले. लाव. आज मी बी पाहते."

दीड वर्षात ती पहिल्यांदा टीव्हीसमोर बसली. खुर्ची मात्र अर्धी दाराकडे वळवून.

पाऊस होता तिकडे. मैदानाबाहेर दोनेकशे माणसं छत्र्या घेऊन. त्यानं खांबावर ठोकलं, दोन, थांबून एक, आणि आईनं नेहमीसारखं उठून दार उघडलं, बाजूला सरली, परत येऊन बसली. मॅच हरण्यासारखीच होती आणि ते हरतच होते. एकदा त्यानं आडवा सूर मारून चेंडू बोटांच्या टोकांनी बाहेर ढकलला आणि गुडघा धरून बसला, तेव्हा आई म्हणाली, "अस्संच करत जात होते. सांगितलेलं ऐकायचं नाही."

शेवटची दहा मिनिटं उरली असताना खेळ थांबला. नवा गोलकीपर कडेला येऊन उभा राहिला. दोन्हीकडचे खेळाडू रांग करून टाळ्या वाजवायला लागले. त्यानं डावा हातमोजा काढला. मग उजवा. दोन्ही त्या नव्याच्या हातात दिले. माझा हात रिमोटवर होता. मला वाटलं, अजूनही बंद करता येईल. बायकोनं रिमोट माझ्या हातातून काढून घेतला, हळूच, पाळण्यातल्या पोराच्या मुठीतून खुळखुळा काढावा तसा.

रांगेतून बाहेर पडायच्या ऐवजी तो मागे वळला. चिखलातून लंगडत पुन्हा गोलपाशी गेला. उघड्या हातानं खांबावर ठोकलं.

एकदा.

टाळ्या, पाऊस, सगळ्यातून तो ठोका ऐकू आला. टीव्हीतून आला की दाराच्या चौकटीवरून, हे मी आजही शपथेवर सांगू शकणार नाही, आणि माझ्या शपथेला तसंही घरात किंमत नाही.

आई आधीच उठली होती. दारापाशी गेली, पण उघडलं नाही. दारामागे उभी राहिली, लहानपणी मी तिला शेकडो वेळा पाहिलं होतं तशी, मान जराशी कलती, एक तळवा लाकडावर. बाहेर गल्लीत कोणीतरी चालत गेल्यासारखं वाटलं. एक पाय जरा ओढत. रविवारची संध्याकाळ होती. गल्लीत माणसं असतातच.

पावलं गल्लीच्या वळणापलीकडे जाईपर्यंत ती थांबली. मग कडीला हात घातला. दीड वर्षानं कडी गंजली होती, वर सरकेना. मी उठायला लागलो तर तिनं मान न वळवता हातानंच बस म्हटलं. दोन्ही हातांनी जोर लावला. कडी करकरली आणि बसली.

"उद्या तेल टाक हिच्यात," आई म्हणाली. "अन् मावशीले फोन लावून दे. झोपली नसन अजून."

ती आत गेली. थोड्या वेळानं चहा आला. कप चार होते.